मोकळी चौकट कोण भरते?

जव्हारहून मोखाड्याकडे जाताना डोंगराआड गेले की फोनची रेंज मंदावते. त्याच भागातल्या एका शाळेत आम्ही मुलांसोबत पावसाच्या बातम्यांचे एक पान उघडले. मजकूर आला. एक मुलगी मथळ्यावर बोट टेकवणार, तोच ओळी खाली सरकल्या आणि बोटाखाली जाहिरात आली : तुमच्या फोनमध्ये व्हायरस आहे! मुलगी घाबरली. गुरुजी म्हणाले, "बोट चुकलं गं तुझं."

बोट चुकले नव्हते. पान हलले होते. मजकूर एका संगणकाकडून येतो, जाहिरात दुसऱ्याच. तिच्यासाठी जागा आधी राखलेली नसेल, तर ती आल्यावर ओळींना खाली सरकावे लागते. रेंज जितकी मंद, तितका हा धक्का उशिरा बसतो. शहरात तो सहसा जाणवतही नाही.

सुरुवातीला असे नव्हते. २७ ऑक्टोबर १९९४ रोजी 'हॉटवायर्ड' या अमेरिकी संकेतस्थळावर पहिल्या पट्टी-जाहिराती झळकल्या, त्या पानातच बसवलेल्या. त्याच वर्षी नेटस्केप कंपनीतल्या लू मॉन्टुली यांनी 'कुकी' तयार केली. आलेला ब्राउझर पुन्हा ओळखता यावा, एवढाच हेतू. १९९६ पासून डबलक्लिकसारख्या कंपन्या अनेक संकेतस्थळांच्या चौकटी एकाच ठिकाणाहून भरू लागल्या, आणि कुकीमुळे तोच वाचक त्यांना सगळीकडे ओळखू येऊ लागला. २०१० च्या सुमारास तर चौकटीचा लिलावच रुळला. पान उघडताच बोली लागते आणि सेकंदाच्या दहाव्या भागाच्या आसपास संपते. छापील वर्तमानपत्रात जाहिरात आधी कोणीतरी पाहिलेली असते. इथे वाचकच बहुधा पहिला!

याचा फटका थोरामोठ्यांनाही बसला. सप्टेंबर २००९ मध्ये 'न्यूयॉर्क टाइम्स'च्या संकेतस्थळावर एका भामट्याने ओळखीच्या दूरध्वनी कंपनीच्या नावाने जागा घेतली. आधी साध्या जाहिराती दाखवल्या. शनिवार-रविवार येताच व्हायरसचे खोटे इशारे. जाहिरात बाहेरच्या संगणकावरून येत असल्याने अदलाबदल सोपी होती. ब्राउझरमधल्या पानाला परवानगीशिवाय फोनमधल्या फायली तपासता येत नाहीत. म्हणजे तो इशारा थापच. ३० नोव्हेंबर २०२३ च्या केंद्रीय मार्गदर्शक सूचनांत अशा भीतीच्या सापळ्यांचा आणि मजकुराचे सोंग घेतलेल्या जाहिरातींचा समावेश आहे. पण सूचना दिल्लीत, बोट मोखाड्यात.

आम्ही ते पान पुन्हा उघडले, या वेळी हात न लावता. मुले मोठ्याने अंक मोजू लागली. अकराला चौकट भरली. जाहिरात दुसरीच होती.