पहिला रणगाडा कसा घडला? एका प्रश्नाची गोष्ट

गेल्या महिन्यात दोन-तीन जणांनी मला जवळजवळ एकच प्रश्न विचारला. "ताई, नेटची तयारी चालू आहे, पुढे पीएचडी करायचीय, पण विषयच सापडत नाही. विषय कसा शोधायचा?"

याचं सरळ उत्तर माझ्याकडे नाही. मी स्वतः पीएचडीचं पहिलं वर्ष जवळपास वाया घालवलंय. माझं काम वाळू, माती यांसारख्या दाणेदार पदार्थांवर आहे. अशा पदार्थात चाक किती रुततं, हे मोजायला मी आठ महिने खपून एक उपकरण उभं केलं. मोटर, सेन्सर, वाळूचा हौद, सगळं झालं. मग गाइडनी शांतपणे विचारलं, "यातून तुला नेमकं काय मोजायचंय?" आणि माझ्याकडे उत्तर नव्हतं. उपकरण होतं, प्रश्न नव्हता!

त्या काळात रुतण्याबद्दल मिळेल ते वाचताना मी पहिल्या महायुद्धातल्या रणगाड्यांपर्यंत पोचले. युद्धाची आवड म्हणून नाही, चिखलाची आवड म्हणून. पण वाचत गेले तसं लक्षात आलं, की प्रश्न कसा मांडावा आणि कसा मांडू नये, याचं इतकं स्पष्ट उदाहरण शोधून सापडायचं नाही. म्हणून आज ती गोष्ट.

आधी अडचण समजून घेऊ

1914 च्या अखेरीस फ्रान्स-बेल्जियममधली पश्चिम आघाडी गोठली. स्वित्झर्लंडच्या सीमेपासून समुद्रापर्यंत दोन्ही बाजूंनी खंदक खणले गेले. मधल्या मोकळ्या जमिनीत काटेरी तारांची जाळी आणि समोर मशीनगन. खंदकातून बाहेर पडलेला सैनिक तारांशी अडखळायचा आणि मशीनगनच्या तोंडी सापडायचा. तारा तोडायला तोफांचा भडिमार करावा, तर जमिनीची चाळण व्हायची, पाणी साठायचं आणि पुढे जाणं आणखी अवघड व्हायचं. म्हणजे उपायच अडचण वाढवत होता.

"युद्ध कसं जिंकायचं" हा संशोधनाचा प्रश्न होऊ शकत नाही, तो फार मोठा आहे. अर्नेस्ट स्विंटन या ब्रिटिश अधिकाऱ्यानं आणि त्याच्यासारख्या काहींनी तो लहान केला. गोळ्या झेलत, तारा चिरडत, खंदक ओलांडणारं यंत्र बनवता येईल का? आता यातली प्रत्येक गोष्ट मोजता येते. गोळी अडवायला चिलखत किती मिलिमीटर हवं? खंदक किती फूट रुंद आहे? समोरचा बांध किती उंच आहे?

हाताशी काय होतं?

आपल्या भाषेत सांगायचं तर हा लिटरेचर रिव्ह्यू. चिलखती मोटारी होत्या, पण त्या रस्त्यावरच्या. खंदकापुढे त्यांचं काही चालत नव्हतं. अमेरिकेत होल्ट कंपनीचे पट्ट्यावर चालणारे ट्रॅक्टर होते, ते शेतात रुतत नसत. 40 फूट व्यासाच्या अवाढव्य चाकांचं यंत्र बनवावं, अशीही एक गंभीर सूचना आली होती. हसू नका, त्यामागचं भौतिकशास्त्र बरोबर होतं. चाक जितकं मोठं, तितका मोठा खड्डा ते सहज ओलांडतं. फक्त एवढं मोठं चाक शत्रूला मैलभरावरून दिसणार आणि तोफेच्या एका गोळ्यात संपणार.

20 फेब्रुवारी 1915 ला चर्चिलनं, तेव्हा तो नौदलाचा मंत्री होता, 'लँडशिप' समिती नेमली. जमिनीवरच्या यंत्राचं काम नौदलाकडे आणि अध्यक्ष कोण, तर युद्धनौकांच्या बांधणीचा प्रमुख टेनिसन दिनकूर. प्रत्यक्ष काम गेलं लिंकन शहरातल्या विल्यम फॉस्टर या शेतीयंत्रं बनवणाऱ्या कारखान्याकडे. तिथला विल्यम ट्रिटन आणि नौदलाच्या हवाई दलातला अभियंता वॉल्टर विल्सन, या दोघांनी व्हाइट हार्ट हॉटेलच्या एका खोलीत बसून आराखडे काढले.

पहिला नमुना फसला, आणि नीट फसला

सप्टेंबर 1915 मध्ये पहिलं यंत्र चाललं. पुढे त्याला 'लिटल विली' हे नाव पडलं. त्याला अमेरिकेहून मागवलेले ट्रॅक्टरचे पट्टे होते. सपाट जमिनीवर ठीक, पण खंदकावर आलं की अधांतरी राहिलेला पट्टा खाली लोंबायचा आणि पलीकडच्या काठाला टेकताना चाकांवर परत नीट बसायचा नाही, निसटायचा. शेतात खंदक नसतात, त्यामुळे हा दोष ट्रॅक्टरमध्ये कधी दिसलाच नव्हता. दुसऱ्या कामासाठी बनलेली वस्तू उचलून आपल्या कामाला लावली, की असं होतं. (माझ्या उपकरणाचे सेन्सरही असेच 'तयार मिळाले' म्हणून घेतलेले होते.)

दोघांनी वेगळ्या साहित्याचे पट्टे करून पाहिले, ते टिकले नाहीत. मग ट्रिटननं दाबून घडवलेल्या पोलादी पट्ट्या कड्यांना रिव्हेट केल्या आणि कड्यांच्या आतल्या बाजूला असे कान दिले, की ते यंत्राच्या चौकटीवरच्या रुळाला धरून राहतील. आता पट्टा लोंबणंच शक्य नव्हतं. 22 सप्टेंबर 1915 ला लंडनला तार गेली. गुप्तता राखायची म्हणून ती चक्क बाळ जन्मल्याच्या बातमीसारखी लिहिलेली होती. माझ्या मते रणगाड्याचा खरा शोध हाच. तोफ होती, चिलखत होतं, इंजिन होतं. न निसटणारा पट्टा नव्हता.

आकडे बदलले, आकार बदलला

पण तोवर लष्कराची मागणी पक्की झाली होती: 8 फूट रुंद खंदक ओलांडायचा आणि साडेचार फूट उंच बांध चढायचा. लिटल विलीच्या आवाक्यात हे नव्हतं.

विल्सननं इथे ती महाकाय चाकाची कल्पना परत उचलली, वेगळ्या रूपात. अख्खं चाक कशाला? जमिनीला टेकतो तेवढाच चाकाचा कंस पुरे. त्यानं पट्टा यंत्राच्या संपूर्ण बाजूभोवती, वरून फिरवला. पुढचं टोक उंच उचललेलं, खालची बाजू किंचित गोलसर, जणू साधारण 60 फूट व्यासाच्या चाकाचा तुकडा. पहिल्या रणगाड्यांचा तो तिरका पतंगासारखा आकार इथून आला. फेटाळलेल्या कल्पनेतला उपयोगी भाग वाचवणं, ही सवय लावून घ्या.

या खालच्या गोलाईचा आणखी एक फायदा होता. कठीण जमिनीवर पट्ट्याचा थोडाच भाग टेकतो, त्यामुळे वळणं त्यातल्या त्यात सोपं. मऊ मातीत यंत्र रुतू लागलं, की आपोआप जास्त लांबी टेकते, क्षेत्रफळ वाढतं आणि दाब कमी होतो. दाब म्हणजे बल भागिले क्षेत्रफळ, बाकी काही नाही!

पट्टा वरून फिरल्यामुळे उंची वाढली. वर आणखी फिरता बुरूज ठेवला तर गुरुत्वमध्य वर जाऊन यंत्र कलंडायची भीती. म्हणून तोफा दोन्ही बाजूंच्या फुगवट्यांत बसवल्या, युद्धनौकेवर बसवतात तशा. नौदलाची माणसं समितीत असण्याचा हा परिणाम.

हे यंत्र, टोपणनाव 'मदर', जानेवारी 1916 मध्ये तयार झालं. 2 फेब्रुवारीला हॅटफील्ड पार्कमध्ये मोठ्या लोकांसमोर चाचणी झाली. युद्धमंत्री किचनरला ते खेळणं वाटलं. तरी 100 यंत्रांची मागणी आली, पुढे ती 150 झाली.

गुप्ततेसाठी कारखान्यात सांगितलं गेलं, की या मेसोपोटेमियासाठी पाण्याच्या टाक्या आहेत. म्हणून 'टँक'. ही थाप पटण्यासारखी होती, कारण तिथल्या वाळवंटात खरोखरच फौज अडकली होती. तीत मराठा पलटणी असलेली सहावी पूना डिव्हिजन कूत इथे वेढ्यात होती आणि 29 एप्रिल 1916 ला तिला शरणागती पत्करावी लागली.

आतल्या माणसांचं काय?

मार्क 1 रणगाड्याचं वजन 28 टन, इंजिन 105 अश्वशक्तीचं. म्हणजे टनामागे पावणेचार अश्वशक्ती. वेग ताशी जेमतेम 6 किलोमीटर, तोही चांगल्या जमिनीवर. आत 8 माणसं आणि त्यांच्या मधोमध उघडं धडधडणारं इंजिन. तापमान 50 अंशांपर्यंत जायचं, धूर आणि कार्बन मोनॉक्साइडनं माणसं बेशुद्ध पडायची. बाहेरून गोळी आदळली की आतल्या बाजूनं पोलादाचे कण उडायचे, म्हणून तोंडावर चामड्याचा आणि साखळीच्या जाळीचा मुखवटा. स्प्रिंग नव्हत्याच.

चालवायला चार माणसं लागायची. जोरात वळायचं तर आधी थांबायचं, मग ड्रायव्हर ठोकून खूण करणार, मागचे दोघे आपापल्या बाजूचे गिअर बदलणार, कमांडर ब्रेक ओढणार. आवाज इतका, की बोलून उपयोग नाही. मुख्यालयाला निरोप द्यायला कबुतरं!

इथे मी वाचताना थांबले होते. खंदक, बांध, गोळी या सगळ्यांचे आकडे मागणीत होते. आत बसणारा माणूस किती वेळ शुद्धीवर राहील, हा आकडा कुणी मागितला नव्हता. जे मागितलं नाही, ते डिझाइनमध्ये आलं नाही. त्याची किंमत त्या 8 जणांनी मोजली.

मैदानातले निकाल

15 सप्टेंबर 1916, सोमची लढाई, फ्लेर-कुर्सलेत. 49 रणगाडे होते. वाटेतच बिघडून आणि रुतून त्यातले तिशीच्या वर काही मोजकेच सुरुवातीच्या रेषेपर्यंत पोचले. एक रणगाडा फ्लेर गावच्या रस्त्यातून पुढे गेला आणि मागून पायदळ, याची बातमी जगभर झाली. त्याच दिवशी हाय वूड नावाच्या उद्ध्वस्त जंगलात मात्र रणगाडे झाडांच्या बुंध्यांत अडकले. हे होणार, असं अधिकाऱ्यांनी आधीच सांगितलं होतं. दोनच महिन्यांपूर्वी, 14 जुलैला, याच हाय वूडजवळ भारतीय फौजेतल्या डेक्कन हॉर्सनं घोड्यांवरून भाले घेऊन हल्ला केला होता. ती रेजिमेंट आज रणगाड्यांची आहे.

स्विंटनचं मत होतं, की भरपूर रणगाडे जमेपर्यंत थांबावं. सेनापती हेगनं थांबायचं नाकारलं. घाईनं गुपित फुटलं, हे खरं. पण दोष कळले, हेही खरं. आणि चारच दिवसांत हेगनं आणखी 1000 रणगाडे मागितले.

20 नोव्हेंबर 1917 ला काँब्रेला फार कमी तोडफोड झालेली, कोरडी जमीन निवडली गेली. चारशेहून जास्त रणगाडे. जर्मन खंदक मुद्दाम रुंद केलेले, म्हणून प्रत्येक लढाऊ रणगाड्याच्या डोक्यावर फांद्यांची प्रचंड मोळी. खंदकात टाकायची आणि वरून जायचं. हल्ला यशस्वी झाला. पण पहिल्या दिवसाचा हिशेब बघा: 179 रणगाडे निकामी, त्यातले 65 तोफेच्या माऱ्यानं, 71 यांत्रिक बिघाडानं, 43 रुतून. म्हणजे शत्रूपेक्षा स्वतःच्या यंत्रानं आणि मातीनं जास्त बळी घेतले. "179 गेले" एवढंच लिहिलं असतं तर पुढे चिलखत जाड करत बसले असते. कारणं वेगळी मोजली, म्हणून काय सुधारायचं ते कळलं.

1918 च्या मार्क 5 मध्ये हॅरी रिकार्डोचं 150 अश्वशक्तीचं इंजिन आणि विल्सनची नवी गिअर-रचना आली. आता एकच माणूस रणगाडा चालवू शकत होता. पण त्यात आतली हवा आणखी खराब झाली. 8 ऑगस्टला आमियाँला पहिल्या दिवशी 414 रणगाडे उतरले, दुसऱ्या दिवशी 145 उरले आणि पाचव्या दिवशी 6. रुंद खंदकांसाठी तोच रणगाडा 6 फूट लांब केला, तर वळायला जड झाला. लांबी आणि रुंदीचं गुणोत्तर बिघडलं, की पट्ट्याचं वाहन वळायला कुरकुरतं.

फ्रान्समध्ये रेनोनं प्रश्नच वेगळा मांडला. एक अवजड यंत्र कशाला, पुष्कळ छोटी का नकोत? साडेसहा टन, दोन माणसं, इंजिन मागे, वर पूर्ण गोल फिरणारा बुरूज. तीन हजारांहून जास्त बनले. आजचा रणगाडा दिसायला त्याचाच वंशज आहे, विल्सनच्या पतंगाचा नाही.

श्रेय कुणाचं?

1919 मध्ये ब्रिटिश सरकारच्या आयोगानं ट्रिटन आणि विल्सनला मिळून 15,000 पौंड दिले. त्याच आयोगापुढे लॅन्सलॉट दी मोल हा ऑस्ट्रेलियन आला. त्यानं 1912 मध्येच पट्ट्यावरच्या चिलखती वाहनाचा आराखडा लंडनला पाठवला होता. आराखडा उत्तम आहे, असं आयोगानंच मान्य केलं. पण प्रत्यक्ष रणगाडा त्यावरून बनला नव्हता, म्हणून त्याला खर्चापुरतेच पैसे मिळाले. तो कागद कुठल्याशा कपाटात पडून राहिला होता. कुणी तो उघडला असता तर 1915 चे कितीतरी महिने वाचले असते. आणि त्या महिन्यांत रोज माणसं मरत होती.

म्हणून, विषय शोधणाऱ्या मित्रमैत्रिणींनो, उपकरणापासून सुरुवात करू नका. अडचण मोजता येईल इतकी लहान करा. जुनी कपाटं उघडा. फसलात तर कशामुळे फसलात, ते वेगवेगळं मोजा. आणि आपल्या मागणीच्या यादीत कुठला आकडा लिहायचा राहिलाय, हे दर महिन्याला एकदा स्वतःला विचारा.

माझा वाळूचा हौद अजून लॅबच्या कोपऱ्यात आहे. गेल्या वर्षी त्यातलं अर्धं सामान काढून नवं, छोटं उपकरण केलं. या वेळी प्रश्न आधी वहीत लिहिला होता.