बिनपैशाचे लेखक

जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझूच्या १९३५ सालच्या ‘टोकियो नो यादो’ या मूकपटाच्या श्रेयनामावलीत मूळ कथा ‘विन्थॅट मोने’ यांच्या नावावर आहे. हे गृहस्थ कधी जन्मलेच नाहीत. ओझू आणि त्याचे पटकथाकार तादाओ इकेदा व मासाओ अराता या तिघांनी ‘विदाउट मनी’ला फ्रेंच टोपी घातली, इतकंच!

कथा मात्र नावाला जागते. बेकार किहाची दोन पोरांना घेऊन टोकियोच्या कडेला कारखान्यांच्या फाटकांवर काम मागत हिंडतो. पोरं भटकी कुत्री पकडतात, कारण एका कुत्र्याचे चाळीस सेन मिळतात. थोरला त्या पैशांची टोपी घेऊन येतो. खिशात काहीच नसतं तेव्हा तिघं माळावर बसून लुटुपुटूचं जेवतात. पोरगा हवेतल्या बाटलीतून बापाला साके ओततो. पुढे एकदा जेवण किंवा रात्रीचा निवारा, दोन्हींपैकी एकच परवडणार असतं. ते जेवतात, आणि नेमका पाऊस येतो.

या चित्रपटाचं नाव निघालं की ‘बायसिकल थीव्ह्ज’ (१९४८) हा गरीब बापलेकाचाच इटालियन चित्रपट आठवायची रीतच आहे. पण जास्त मजेदार गोष्ट ओझूच्या उसनवारीत आहे. १९३३च्या ‘टोकियो नो ओन्ना’ची कथा त्याने एर्न्स्ट श्वार्ट्झ या लेखकाच्या नावावर खपवली, हा लेखकही बनावटच. उलट १९३४च्या ‘उकिगुसा मोनोगातारी’ची कल्पना ‘द बार्कर’ या अमेरिकी चित्रपटावरून उचललेली, पण तिथे कथाकार म्हणून झळकतो ‘जेम्स माकी’, म्हणजे ओझूचंच टोपणनाव. जिथे उचललं तिथे स्वतःची सही. जिथे घरचं, तिथे परदेशी लेखक!

हा नुसता स्टुडिओतला टवाळपणा होता, असं कुणी म्हणेल. असेलही. हॉलीवूडचं वेड ओझूला तरुणपणापासूनच होतं. पण मग फुकाफुकी सुचलेल्या नावाचा अर्थ नेमका याच कथेला इतका चपखल कसा बसावा? किहाची शेवटी चोरी करतो ती एका आजारी मुलीच्या औषधपाण्यासाठी, आणि मग आपणहून पोलिसांकडे जातो. सगळी गोष्ट पैशाच्या अभावावरच चालते. तेव्हा थट्टेआड तिघांनी कथेचा खरा कर्ता कोण ते सांगून टाकलं, हाच तर्क जास्त पटतो.

पुढच्याच वर्षी ओझूचा पहिला बोलपट ‘हितोरी मुसुको’ आला. तोही गरिबीचाच, पण कथाकार पुन्हा जेम्स माकी.