खंडणी आणि खाद्य : मलबेरी स्ट्रीटचा इतिहास

न्यूयॉर्कमधील मॅनहॅटन बेटाच्या दक्षिण भागात ‘लिटल इटली’ नावाची वस्ती आहे. तेथे वाटाड्याबरोबर पायी हिंडण्याच्या ज्या सहली निघतात, त्यांतील एक प्रकार विशेष लोकप्रिय आहे. संघटित गुन्हेगारीचा इतिहास आणि इटालियन खाद्यपदार्थ यांची सांगड या सहलीत घातलेली असते. एका कोपऱ्यावर कोणाचा खून कसा झाला हे ऐकायचे, चार पावले पुढे जाऊन ताज्या मॉझरेला चीजचा तुकडा तोंडात टाकायचा, एखाद्या टोळीच्या अड्ड्याची जागा पाहायची, आणि शेवटी कॅनोली, म्हणजे गोड केलेले रिकोटा चीज भरलेली कुरकुरीत तळलेली नळी, हाती घेऊन पांगायचे. रक्त आणि रुची यांचा हा मेळ काहींना ओंगळ वाटतो, काहींना ती पर्यटनव्यवसायाची क्लृप्ती वाटते. क्लृप्ती ती आहेच. परंतु ज्या दोन गोष्टी ती एकत्र आणते त्या मुळातही फारशा दूर नव्हत्या. अंतर आहे ते क्रमाचे. सहलीत खाद्य हे गुन्ह्याच्या कथेचे तोंडीलावणे होते. इतिहासात खाद्याचा व्यापार हे गुन्ह्याचे पहिले भक्ष्य होते.

१८८० ते १९२० या चाळीस वर्षांत सुमारे चाळीस लाख इटालियन माणसे अमेरिकेत आली. त्यांतील बहुसंख्य दक्षिण इटलीतील आणि सिसिली बेटावरील भूमिहीन शेतमजूर होते. गावाकडे त्यांचे रोजचे अन्न म्हणजे जाडाभरडा पाव, कडधान्ये आणि रानातला पाला, मांस सणासुदीला. न्यूयॉर्कमध्ये त्यांच्या वाट्याला अंधाऱ्या चाळी आणि खणकाम आले, पण त्याच शहरात मांस स्वस्त होते. मायदेशी जे जमीनदाराच्या ताटात दिसे, ते येथे मजुराच्या ताटात आले. मांसाच्या गोळ्यांसह भरघोस स्पॅगेटी वाढण्याची पद्धत, जी आज जगभर इटालियन म्हणून ओळखली जाते, ती या नव्या सुबत्तेतून अमेरिकेत रूढ झाली. भुकेची आठवण ताजी असलेल्या माणसांनी ती घडवली, म्हणूनच तिच्यात प्रमाणाचा संकोच नाही.

बाहेरच्या जगाने मात्र या लोकांकडे प्रथमपासून गुन्हेगार म्हणून पाहिले. पत्रकार जेकब रीस याने १८९० साली न्यूयॉर्कच्या चाळींवरील आपले गाजलेले पुस्तक प्रसिद्ध केले. त्याच्याशी निगडित सर्वांत प्रसिद्ध छायाचित्र मलबेरी स्ट्रीटच्या वळणावरील एका बोळाचे, १८८८ चे आहे. बोळात काही पुरुष उभे आहेत, खिडक्यांतून काही चेहरे डोकावत आहेत, वर दोरीवर कपडे वाळत आहेत. छायाचित्राला नाव मिळाले ‘दरोडेखोरांचा अड्डा’. नाव बाजूला ठेवून पाहिले, तर ते एका गर्दीच्या वस्तीतले दुपारचे चित्र वाटावे. रीसच्या प्रयत्नांनी ती वस्ती पाडली गेली आणि १८९७ साली तेथे बाग झाली. रीसचा हेतू सुधारकाचा होता यात शंका नाही. तरी वाचकाला खिळवून ठेवण्यासाठी गरिबीला गुन्ह्याची फोडणी देण्याची आजच्या वाटाड्याची युक्ती त्यालाही अवगत होती. याच काळात, १८९१ मध्ये, न्यू ऑर्लिन्स येथे पोलिसप्रमुखाच्या खुनाच्या संशयावरून जमावाने अकरा इटालियनांना तुरुंगात शिरून ठार केले होते.

वस्तीतला खरा गुन्हा वस्तीतल्यांच्याच वाट्याला येत होता. खाणाऱ्यांची संख्या वाढली तसा ऑलिव्ह तेल, चीज, पास्ता आणि लिंबे यांचा आयात-व्यापार वाढला. मजुराजवळ रोख पैसा नसे. तो असे वाण्याजवळ, भटारखान्याच्या मालकाजवळ, खाणावळवाल्याजवळ. खंडणीची पत्रे साहजिकच त्यांच्या दाराशी येऊन पडू लागली. पत्रावर खंजीर, शवपेटी किंवा काळा पंजा रेखाटलेला असे, म्हणून या प्रकाराला ‘काळा हात’ हे नाव पडले. ही कोणती एक संघटना नव्हती. लहानमोठे अनेक गुंड तेच चिन्ह वापरीत. पैसे न देणाऱ्याच्या दुकानात बॉम्ब फुटे. विख्यात गायक एन्रीको कारुसो यालाही १९१० मध्ये पंधरा हजार डॉलरची मागणी करणारे पत्र आले. त्याने पोलिसांकडे जाण्याचे धैर्य दाखवले आणि पैशाचे पुडके उचलायला आलेले दोघे पकडले गेले. साध्या वाण्याला हे धैर्य परवडत नसे. मुंबईच्या वाचकाला ‘हप्ता’ हा शब्द ठाऊक असल्याने या यंत्रणेचे अधिक विवरण नको.

लुटारू आणि व्यापारी यांच्यातली सीमा लवकरच पुसट झाली. इग्नाझिओ लुपो याचे मॉट स्ट्रीटवर घाऊक किराण्याचे मोठे दुकान होते, आणि ज्युझेप्पे मोरेल्लो याच्या टोळीतला तो प्रमुख माणूस होता. खोट्या नोटांच्या प्रकरणात १९१० साली लुपोला तीस आणि मोरेल्लोला पंचवीस वर्षांची शिक्षा झाली.

या टोळीचा माग वर्षानुवर्षे काढणारा पोलिस अधिकारी स्वतः इटालियन होता. जोसेफ पेट्रोसिनो हा १८६० साली दक्षिण इटलीतील पादुला या गावी जन्मला, लहानपणी अमेरिकेत आला, बूटपॉलिश करून वाढला आणि १८८३ मध्ये पोलिसांत भरती झाला. आयरिश वंशाच्या शिपायांनी भरलेल्या त्या खात्यात वस्तीची बोली कळणारा माणूस दुर्मीळ होता. विसाव्या शतकाच्या आरंभी मोजक्या सहकाऱ्यांसह ‘इटालियन पथक’ उभे करण्याचे काम त्याच्याकडे आले. साक्षीदार बोलत नसत. पोलिसांचे भय त्यांना गुंडांइतकेच होते, आणि सुटून आलेला गुंड पुन्हा त्याच गल्लीत राहणार होता. इटलीत शिक्षा भोगलेल्यांची नोंद मिळाली तर अमेरिकेच्या कायद्यानुसार त्यांना परत धाडता येईल, या विचाराने पेट्रोसिनो १९०९ मध्ये सिसिलीला गेला. दौरा गुप्त असायचा होता. न्यूयॉर्कच्या वृत्तपत्रात त्याची बातमी छापून आली. १२ मार्च १९०९ च्या रात्री पालेर्मोतील मरीना चौकात, जेवण आटोपून परतताना, त्याला गोळ्या घालण्यात आल्या. या खुनाबद्दल कोणालाही शिक्षा झाली नाही. न्यूयॉर्कमध्ये त्याच्या अंत्ययात्रेला सुमारे दोन लाख लोक लोटले. लिटल इटलीच्या कडेला असलेल्या एका त्रिकोणी चौकाला १९८७ मध्ये त्याचे नाव देण्यात आले. टोळीनायकांची नावे तोंडपाठ असलेल्या प्रवाशांपैकी किती जणांना हे नाव आधीपासून माहीत असते, हे विचारण्यासारखे आहे.

दारूबंदीच्या काळाने, म्हणजे १९२० ते १९३३ या वर्षांनी, टोळ्यांना अफाट पैसा दिला. हा भाग चित्रपटांनी इतका परिचित केला आहे की तो ओलांडून पुढे जायला हरकत नाही. त्यापेक्षा बोधक कथा एका भाजीची आहे. आर्टिचोक ही काटेरी झुडपाची कळी. ती इटालियन स्वयंपाकात मोठ्या प्रेमाने खाल्ली जाते. कोवळ्या, लहान आर्टिचोकचा न्यूयॉर्कमधील घाऊक व्यापार मोरेल्लोचा सावत्र भाऊ चीरो तेर्रानोव्हा याने धाकदपटशाने मुठीत घेतला आणि ‘आर्टिचोकचा राजा’ हे बिरुद मिळवले. कॅलिफोर्नियात पिकणारी भाजी न्यूयॉर्कच्या गरीब घरात पोहोचेपर्यंत तिच्या दरात त्याचा वाटा मिसळलेला असे. डिसेंबर १९३५ मध्ये महापौर फिओरेल्लो ला गार्डिया पहाटे ब्राँक्सच्या बाजारात गेला, तुताऱ्या वाजवून घेतल्या आणि एका मालमोटारीवर उभे राहून लहान आर्टिचोकच्या विक्रीवर बंदी जाहीर केली. तीन दिवसांत मक्तेदारी ढिली पडली आणि बंदी उठली. ला गार्डियाचे वडीलही इटलीतूनच आलेले होते. या नाटकी प्रसंगाला वर्तमानपत्रांनी हसून जागा दिली, पण खंडणी म्हणजे ताटातील घासावर बसवलेला कर, ही गोष्ट त्याइतकी स्पष्ट दुसऱ्या कोणत्या घटनेने झाली नसेल.

सहलीत मात्र भाजीबाजारापेक्षा उपाहारगृहातील खुनांना अधिक मागणी. त्यांचाही इतिहास लांबलचक आहे. जो मासेरिया हा टोळीनायक १५ एप्रिल १९३१ रोजी कोनी आयलंड येथील एका खाणावळीत मारला गेला. मलबेरी स्ट्रीट आणि हेस्टर स्ट्रीट यांच्या कोपऱ्यावरील ‘अम्बर्तोज क्लॅम हाउस’ उघडून जेमतेम दोन महिने झाले होते, तेव्हा ७ एप्रिल १९७२ च्या पहाटे तेथे जोई गॅलो आपल्या कुटुंबासह शिंपल्यांचे जेवण घेत असताना मारला गेला. तो त्याचा त्रेचाळिसावा वाढदिवस होता. आदल्या वर्षी जोसेफ कोलंबो या टोळीप्रमुखावर भर सभेत गोळी झाडली गेली होती आणि त्यामागे गॅलो असल्याचा कोलंबोच्या माणसांचा समज होता. गंमत अशी, की कोलंबोवर हल्ला झाला तो त्यानेच स्थापलेल्या इटालियन-अमेरिकन नागरी हक्क संघटनेच्या मेळाव्यात. इटालियनांची गुन्हेगार म्हणून बदनामी थांबावी, ही त्या संघटनेची घोषित मागणी. तिच्या दडपणाने ‘द गॉडफादर’ या चित्रपटाच्या संवादांतून ‘माफिया’ हा शब्द वगळण्यात आला होता. तो चित्रपट मार्च १९७२ मध्ये प्रदर्शित झाला, म्हणजे गॅलोच्या खुनाच्या काही आठवडेच आधी. मूळ कादंबरीचा लेखक मारिओ पुझो याने आपण कोणा खऱ्या गुंडाला भेटलो नसल्याचे नमूद केले आहे. तरीही प्रवासी आज मलबेरी स्ट्रीटवर जे शोधत येतात, ते बव्हंशी पुझोचे आहे.

अस्सल टोळीचे वास्तव फार रूक्ष होते. क्रमांक २४७ मधील ‘रॅव्हेनाइट’ या मंडळात जॉन गॉटी याची ऊठबस असे. वरच्या मजल्यावरील घरात सरकारी तपासयंत्रणेने ध्वनिग्राहक बसवले, डिसेंबर १९९० मध्ये त्याला तेथेच अटक झाली, आणि १९९२ मध्ये जन्मठेप ठोठावली गेली. पुढे त्या जागी दुकान थाटले गेले. जवळच्याच न्यायालयात १९८५ ते १९८७ या काळात जो खटला चालला, त्यात पिझ्झाची दुकाने हेरॉइनच्या व्यापाराचा आडोसा म्हणून वापरल्याचे सिद्ध झाले. १९२६ पासून नेपल्सच्या लोकांनी चालवलेला संत जेन्नारोचा उत्सवही सुटला नाही. त्याच्या उत्पन्नात टोळ्यांचा हात असल्याच्या संशयावरून १९९५ मध्ये महापौर रूडॉल्फ जुलियानी यांच्या प्रशासनाने त्याच्या हिशेबावर देखरेख नेमली. रस्त्यावर सॉसेज तळणाऱ्याच्या गल्ल्यापर्यंत तोच जुना हात पोहोचला होता.

खाद्याच्या इतिहासातही सहल एखादी सोयीची आख्यायिका पुढे करते. १९०५ साली जेन्नारो लोम्बार्दीने स्प्रिंग स्ट्रीटवर अमेरिकेतील पहिले पिझ्झाचे दुकान काढले, असे वर्षानुवर्षे सांगितले गेले. २०१९ मध्ये पुढे आलेल्या संशोधनानुसार ते दुकान त्याआधीच फिलिप्पो मिलोने नावाच्या माणसाने सुरू केलेले होते. मारेकऱ्यांची टोपणनावेदेखील जपणाऱ्या या वस्तीत भट्टी पेटवणाऱ्याचे नाव शतकभर हरवले होते.

१९५० साली या वस्तीच्या मध्यभागी दहा हजारांहून अधिक लोक राहत, आणि त्यांतील जवळजवळ निम्मे इटालियन वंशाचे होते. २००० च्या जनगणनेत इटलीत जन्मलेले फक्त ४४ जण उरले. २०१० च्या अखेरीस प्रसिद्ध झालेल्या पाहणीत असा एकही रहिवासी सापडला नाही. १८९७ च्या बागेत, जेथे पूर्वी रीसचा बोळ होता, आता शेजारच्या चिनी वस्तीतील वृद्ध पट मांडून बसतात. ग्रँड स्ट्रीटच्या कोपऱ्यावर १८९२ पासून चीज विकणारे ‘अल्लेव्हा’ हे दुकान भाड्याच्या थकबाकीमुळे २०२३ मध्ये बंद झाले.