जामीन राहणारा माणूस

‘जामीन’ हा शब्द मराठीत फारसीतून आला आणि फारसीत अरबीतून. मुळात तो माणसाचा शब्द आहे: दुसऱ्यासाठी हमी घेणारा तो जामीन. जुन्या मराठी कागदांत हाजीरजामीन आणि मालजामीन भेटतात. पहिला अमुक इसमाला वेळेवर हजर करण्याची हमी घेतो, दुसरा त्याच्याकडचे येणे भरून देण्याची. ‘मी त्याला जामीन राहतो’ असे म्हणताना आजही हा जुना अर्थ जागा असतो. ‘जामीन मंजूर झाला’ या वाक्यातून मात्र माणूस निघून गेलेला असतो, उरतो तो कोर्टाचा हुकूम. इंग्रजी कायद्यातल्या दोन वेगळ्या संज्ञांना मराठीने हा एकच शब्द दिल्याने अनुवादकाची पंचाईत होते. पण तुरुंगाच्या दारात नेमके काय अडते, ते त्यामुळेच एका वाक्यात सांगता येते: जामीन मिळाला, पण जामीन मिळेना.

१९७८ साली मध्य प्रदेशातल्या एका गरीब गवंड्याचे असेच झाले. सर्वोच्च न्यायालयाने त्याला जामिनावर सोडण्याचा हुकूम दिला आणि तपशील ठरवण्याचे काम मॅजिस्ट्रेटवर सोपवले. मॅजिस्ट्रेटने दहा हजारांचा जामीनदार मागितला. गवंड्याचा भाऊ पुढे आला, तर त्याची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात आहे म्हणून तो चालला नाही. गवंडी पुन्हा दिल्लीच्या दारात.

‘मोतीराम विरुद्ध मध्य प्रदेश’ या त्या प्रकरणात न्या. कृष्ण अय्यर यांनी रक्कम हजारावर आणली आणि गवंड्याच्या स्वतःच्या जातमुचलक्यावर त्याला सोडायला सांगितले. (या शब्दातल्या ‘जात’चा जातीशी काही संबंध नाही, अरबीत तिचा अर्थ ‘स्वतः’. ‘मुचलका’ तुर्की वळणाचा. बिनजामिनाचे स्वतःचे लेखी वचन सांगायला आपण दोन परक्या भाषा एकत्र बांधल्या.) निकालपत्रातला मला महत्त्वाचा वाटणारा भाग पैशांचा नाही, गावाचा आहे. रक्कम अवाजवी नसावी, हे १९७३च्या फौजदारी प्रक्रिया संहितेतच लिहिलेले होते. जामीनदार स्थानिकच हवा, असे मात्र कोणत्या कायद्यात लिहिले आहे, हा अय्यरांचा सवाल. मल्याळी किंवा तेलुगू माणूस बस्तरमध्ये किंवा चांदणी चौकात पकडला गेला, तर तिथे जमीनजुमला असलेला ओळखीचा माणूस त्याने आणायचा कुठून? केरळातून दिल्लीला आलेल्या न्यायाधीशाला हे सुचावे, यात नवल नाही.

ओळख हीच खरी मालमत्ता. १९१६ साली लोकमान्य टिळकांकडून वर्षभराच्या सद्वर्तनासाठी वीस हजारांचा मुचलका आणि दहा-दहा हजारांचे दोन जामीन मागण्यात आले. त्यांची बाजू जिनांनी मांडली आणि मुंबई हायकोर्टाने तो हुकूम रद्द केला. पण तोवर जामीन राहणारी माणसे शोधणे टिळकांना जड नव्हते. गवंड्याचे भांडवल एवढेच होते, एक भाऊ.

त्याच राज्यात २०२० साली हायकोर्टाच्या इंदूर खंडपीठाने उलटेच केले. विनयभंगाच्या आरोपीने फिर्यादी महिलेच्या घरी मिठाई घेऊन जावे, राखी बांधून घ्यावी आणि ओवाळणी घालावी, अशी अट जामिनाला घातली. एकदा सख्खा भाऊ नाकारला गेला होता, आता आरोपीलाच भाऊ बनवले गेले. मार्च २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही अट रद्द केली. जुलै २०२४ मध्ये दुसऱ्या एका प्रकरणात मोबाइलच्या नकाशावरचे आपले ठिकाण तपास अधिकाऱ्याला दिसत राहील अशी व्यवस्था आरोपीने करावी, ही अटही त्याच न्यायालयाने काढून टाकली. मला यात हाजीरजामिनाची जागा घेऊ पाहणारा फोन दिसतो. फरक एवढाच की जामीन राहणाऱ्या माणसाचा आरोपीवर भरवसा असायचा.

अशा चमत्कारिक अटींची बातमी होते. ऐपतीच्या दाखल्यासाठी तहसील कचेरीत हेलपाटे घालणाऱ्यांची होत नाही. ३१ जानेवारी २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने जामीन मंजूर होऊनही आतच राहिलेल्या कैद्यांबाबत सूचना दिल्या: महिन्याभरात जामीनदार उभा राहिला नाही, तर अटी सैल करण्याचा विचार खालच्या कोर्टाने आपणहून करावा. सुटका अडण्याच्या कारणांत स्थानिक जामीनदाराचा आग्रह त्यात नमूद आहे. मोतीराम निकालाला तेव्हा चव्वेचाळीस वर्षे उलटली होती.