कासोटा ते नाडी
आजीच्या ट्रंकेतल्या इरकली लुगड्याला परवा ऊन दाखवलं. हिरवं अंग, लाल रेशमी पदर, घड्यांवर विरलेलं. नऊ वार, म्हणजे सव्वाआठ मीटर; गच्चीतली दोरी पुरेना. आजी ते परकराशिवाय नेसायची. मागे कासोटा घट्ट खोचलेला, पुढे गाठीची खणाची चोळी. त्यातच विहिरीवर वाकायची, शेतात खुरपायची. पदर काही ढळत नसे.

आईनं लग्नानंतर गोल पातळ धरलं. पाच वार, आत परकर. आजी महिनाभर घुश्शात होती.

फॅशन सिनेमानं आणली म्हणतात. पण त्याआधी मराठी बायका एका पुरुषाकडे बघून नटत होत्या: नारायण श्रीपाद राजहंस, म्हणजे बालगंधर्व. १९११ साली ‘मानापमान’ रंगभूमीवर आलं, त्यात ते भामिनी झाले. त्यांचा शालू, नथ, गजरा, पदर घ्यायची ढब बायका डोळ्यांत साठवून घरी नेत. गंमत बघा, घरंदाज बाईनं नाटकात उभं राहणं पाप, आणि नटावं कसं ते शिकवणार नारायणराव!

हल्ली शिवलेली नऊवारी मिळते, पायजम्यासारखी चढवायची. भाचीनं मंगळागौरीला तीच आणली. आजी असती, तर आधी नाडी ओढून बघितली असती.