अर्धा ‘बे’ आणि माझी बी.एड.

११ ऑगस्ट २०२३ ला सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला, की बी.एड. झालेला उमेदवार पहिली ते पाचवीच्या शिक्षकपदासाठी पात्र नाही. आमच्यातले डी.एड.वाले खूश, बी.एड.वाले संतापलेले. मी स्वतः बी.एड. वाला. पण मला रागाआधी एक मुलगी आठवली.

वीसएक वर्षांपूर्वी एका उर्दू शाळेत मला महिनाभर पहिलीचा वर्ग सांभाळायला दिला होता. बी.एड.ला माझे सगळे सराव पाठ आठवी-नववीवर झालेले. मी फळ्यावर ‘बाब’ लिहिलं. उर्दूत ‘बे’ शब्दाच्या सुरुवातीला आला की आखूड होतो, शेवटी पूर्ण राहतो. मुलगी म्हणाली, “सर, पहला बे तो आधाच है, बाकी का किधर गया?” मला उत्तर सुचेना. शेजारच्या वर्गावरच्या डी.एड. झालेल्या आपा आल्या. त्यांनी पूर्ण ‘बे’ काढला, बोटाने त्याची शेपटी पुसली आणि म्हणाल्या, “दोस्त का हाथ पकडने के लिए इसने पाँव समेट लिये.” वर्ग हसला आणि शिकलाही.

हा वाद २०२३ चा नाही. २००३ मध्ये केरळच्या प्राथमिक शिक्षक भरतीचं प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं होतं. बी.एड.वाल्यांचं म्हणणं, आमची पदवी वरची आहे, मग खालच्या वर्गाला का चालू नये? न्यायालयाने ते मानलं नाही. लहान मुलांना शिकवण्याचं प्रशिक्षणच वेगळं असतं, वरखाली असा प्रश्न नाही. पुढे पश्चिम बंगालच्या प्रकरणातही तेच.

मग दार उघडलं कसं? केंद्रीय विद्यालयांना प्राथमिक शिक्षक कमी पडत होते. तिथून मागणी आली, मंत्रालयाने निर्देश दिला आणि एनसीटीईने २८ जून २०१८ ला अधिसूचना काढली: बी.एड. चालेल, फक्त नेमणुकीनंतर दोन वर्षांत सहा महिन्यांचा पूरक अभ्यासक्रम करा. राजस्थानने मात्र २०२१ च्या पात्रता परीक्षेच्या जाहिरातीत प्राथमिक स्तरासाठी बी.एड.वाल्यांना घेतलंच नाही. ते कोर्टात गेले, डिप्लोमावालेही गेले. जोधपूरच्या उच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२१ मध्ये अधिसूचनाच रद्द केली. न्या. अनिरुद्ध बोस आणि न्या. सुधांशू धुलिया यांच्या खंडपीठाने ते कायम ठेवलं. त्यांचा एक मुद्दा मला बिनतोड वाटतो: बी.एड. पुरेशी असती तर सहा महिन्यांच्या प्रशिक्षणाची अट घालावीच का लागली असती? शिवाय मुलाचा हक्क नुसत्या शिक्षणाचा नाही, चांगल्या शिक्षणाचा आहे.

इथवर मी न्यायालयाच्या बाजूचा. पण सरकारी कारभाराने ज्यांना बोलावलं त्यांचं काय? ८ एप्रिल २०२४ ला न्यायालयाने खुलासा केला, की निकालाआधी रीतसर लागलेल्यांच्या नोकऱ्या वाचतील, पण पूरक अभ्यासक्रम करावा लागेल. हे संरक्षण न्यायालयाला द्यावं लागलं. आणि तो अभ्यासक्रम? २०१८ च्या अधिसूचनेखाली लागलेल्यांसाठी तो जाहीर व्हायला २०२५ उजाडलं. दोन वर्षांची अट घालणाऱ्यांनीच सात वर्षं लावली.

छत्तीसगडमध्ये तर निकाल लागल्यानंतरही बी.एड.वाल्यांना प्राथमिक शाळांत नेमणुका दिल्या. उच्च न्यायालयाच्या आदेशाने अडीच हजारांहून जास्त जणांच्या नोकऱ्या गेल्या. त्यांनी रायपूरमध्ये महिनोन्‌महिने आंदोलन केलं. शेवटी २०२५ मध्ये सरकारने त्यांना विज्ञान प्रयोगशाळेचे सहायक शिक्षक म्हणून सामावून घ्यायचं ठरवलं.

आपा आता निवृत्त झाल्यात. परवा भेटल्या तेव्हा मी हे सगळं सांगितलं. ऐकून घेतलं आणि विचारलं, “उन बच्चों को बीच में पढाया किसने?”