‘अपराजितो’तील आकाश : सुब्रत मित्र यांच्या छायालेखनाचा आरंभकाळ

सत्यजित राय यांच्या आरंभीच्या चित्रपटांतील दृश्यगुणांचे श्रेय बहुधा एकट्या दिग्दर्शकास दिले जाते. त्यामुळे छायालेखक सुब्रत मित्र (१९३०–२००१) यांचे कार्य केवळ आज्ञापालनाचे ठरते. १९५२ ते १९५६ या काळातील घटना पाहता हा समज टिकत नाही.

झाँ रेन्वार बंगालमध्ये ‘द रिव्हर’चे चित्रीकरण करीत होते, तेव्हा मित्र विद्यार्थिदशेत होते. तेथे त्यांना काम मिळाले नाही, चित्रीकरण पाहण्याची मुभा तेवढी मिळाली. छायालेखक क्लोद रेन्वार दिव्यांची मांडणी कशी करतात, याच्या आकृत्या व टिपणे ते काढीत राहिले. राय यांच्याशी त्यांचा परिचय याच निमित्ताने झाला. १९५२ च्या ऑक्टोबरात ‘पथेर पांचाली’चे चित्रीकरण सुरू झाले, त्या वेळी जेमतेम २२ वर्षांच्या या तरुणाने चलच्चित्राचा कॅमेरा पूर्वी कधीच हाताळलेला नव्हता. (याच चित्रपटातील मिठाईवाल्याच्या प्रसंगातील सतारही त्यांचीच!)

‘अपराजितो’च्या (१९५६) वेळी खरी कसोटी लागली. काशीतील जुन्या घराच्या मध्यभागी वरून उघडा चौक असतो. त्यातून उतरणाऱ्या आकाशाच्या प्रकाशात पडछाया जवळजवळ पडत नाहीत. असे घर उघड्यावर उभारण्याचा कलादिग्दर्शक बंसी चंद्रगुप्त यांचा बेत पावसाच्या भीतीने सोडावा लागला आणि ते कलकत्त्याच्या स्टुडिओत उभारण्याचे ठरले. मित्र यांनी यास विरोध केला. स्टुडिओतील दिव्यांनी तो छायाहीन प्रकाश साधणार नाही, असे त्यांचे म्हणणे होते. विरोध मान्य झाला नाही. तेव्हा त्यांनी चौकाच्या वर पांढरे कापड चौकटीत ताणून बसविले, दिव्यांचा झोत खालून त्यावर सोडला आणि परावर्तित होऊन खाली येणाऱ्या प्रकाशातच चित्रीकरण केले. प्रत्यक्ष घाटावरील दृश्ये आणि हे घर यांच्यातील सांधा पडद्यावर जाणवत नाही.

या पद्धतीच्या प्राथम्याविषयी पुढे चर्चा झाली. स्वेन निक्विस्ट यांच्या ‘थ्रू अ ग्लास डार्कली’शी (१९६१) तिचा संबंध जोडला गेला, तेव्हा आपण ती कित्येक वर्षे आधीपासून वापरीत असल्याचे राय यांनी नमूद केले. हा वाद फारसा फलदायी नाही. ऊन सौम्य करण्यासाठी मूकपटांच्या काळीही कापड लावीत, मात्र तेथे प्रकाश कापडातून आरपार येई. महत्त्वाचे आहे ते मित्र यांच्या आक्षेपाचे स्वरूप. नटाचा चेहरा उजळावा कसा, हा स्टुडिओचा रूढ प्रश्न बाजूस सारून, या घरात प्रकाश कोठून येतो, हे त्यांनी आधी विचारले; आणि हा प्रश्न त्यांना दिग्दर्शकाने घालून दिलेला नव्हता.

‘नायक’पर्यंत (१९६६) राय यांच्या १० चित्रपटांचे छायालेखन त्यांनी केले. मध्यंतरी ‘तीन कन्या’चे (१९६१) छायालेखन सौमेंदू राय यांनी केले व ‘नायक’नंतरही ती धुरा त्यांच्याकडेच गेली. तेही मित्र यांच्याच हाताखाली सहायक म्हणून तयार झालेले होते.